हंसाच्या वाटेवर : कॅलिफोर्निया आणि ॲरिझोनातील सार्वजनिक वेधशाळा

सप्टेंबर महिन्याच्या उत्तरार्धात, उत्तर गोलार्धातील ३२ ते ३५ अक्षांशांच्या पट्ट्यात, रात्री नऊ-साडेनऊच्या सुमारास हंस हा तारकासमूह थेट माथ्यावर येतो. दोन्ही पंख पसरून आणि मान लांबवून तो आकाशगंगेच्या पट्ट्यातून नैर्ऋत्येकडे झेपावलेला दिसतो. माथ्यावरच्या ताऱ्यांचा प्रकाश वातावरणाच्या सर्वांत कमी जाडीच्या थरातून येत असल्यामुळे निरीक्षणाला याहून चांगली स्थिती नसते. सर्वसामान्य माणसाला दुर्बिणीला डोळा लावू देणाऱ्या काही नामांकित वेधशाळा नेमक्या याच पट्ट्यात, कॅलिफोर्निया आणि ॲरिझोना या राज्यांत आहेत. म्हणून अमावास्येच्या आसपासचे दिवस निवडून आम्ही हा प्रवास आखला आणि जिथे शक्य असेल तिथे हंसातलेच काही दाखवण्याची विनंती करायची, असे आधीच ठरवून टाकले. दुर्बिणीचा मोठेपणा आणि आकाशाचा काळोख यांपैकी कशामुळे काय दिसते, हे एकच तारकासमूह सगळीकडे पाहिल्याशिवाय नीट कळणार नाही, असे मला फार दिवसांपासून वाटत होते.

पहिला दिवस : ग्रिफिथ वेधशाळा

लॉस एंजेलिस शहराच्या डोक्यावर, टेकडीच्या कडेला उभी असलेली ग्रिफिथ वेधशाळा मुळात संशोधनासाठी बांधलेलीच नाही. ती लोकांसाठी आहे. ग्रिफिथ जे. ग्रिफिथ या धनिकाने माउंट विल्सनवरील मोठ्या दुर्बिणीतून आकाश पाहिले आणि हे दर्शन प्रत्येकाला घडले पाहिजे, या ध्यासाने मृत्युपत्रात वेधशाळेसाठी पैसा ठेवला. १४ मे १९३५ रोजी ती उघडली. इमारतीत जायला आणि दुर्बिणीतून पाहायला आजही शुल्क नाही, आणि मला या वास्तूचे सर्वांत मोठे वैभव हेच वाटते. समोरच्या हिरवळीवर हिपार्कस, कोपर्निकस, गॅलिलिओ, केप्लर, न्यूटन आणि हर्शेल यांच्या प्रतिमा असलेला स्तंभ आहे. आत शिरताच पृथ्वीचे परिवलन दाखवणारा फूकोचा लंबक संथपणे झुलताना दिसतो.

अंधार पडल्यावर आम्ही गच्चीवरील पूर्वेकडच्या घुमटापाशी रांगेत उभे राहिलो. या घुमटात झाइस कंपनीची, १२ इंची भिंगाची अपवर्तक दुर्बीण आहे. आजवर ७० लाखांहून अधिक लोकांनी तिच्यातून पाहिले असून जगातील अन्य कोणत्याही दुर्बिणीला इतके डोळे लागलेले नाहीत, असे तिच्याविषयी सांगितले जाते. रांगेतून वर पाहिले तर शहराच्या उजेडाने आकाश राखाडी झालेले होते. शेपटीकडचा डेनेब ठळक होता, छातीवरचा सद्र आणि पंखांवरचे दोन तारे शोधून सापडले. मात्र चोचीच्या टोकाचा अल्बिरिओ, जो तिसऱ्या प्रतीचा आहे (प्रतीचा आकडा जितका मोठा तितका तारा मंद), तो नुसत्या डोळ्यांना कधी दिसल्यासारखा वाटे, कधी नाही. मान आणि चोच हरवलेला तो हंस पक्षी म्हणून ओळखूच येत नव्हता.

दुर्बीण मात्र त्याच अल्बिरिओवर रोखलेली होती. तारा माथ्याजवळ असल्याने नळी जवळजवळ उभी झाली होती आणि नेत्रिकेचे टोक खाली आले होते. डोळा लावताच दोन तारे दिसले. एक सोनेरी, तर दुसरा त्याहून मंद आणि स्वच्छ निळा. त्यांच्यातील अंतर सुमारे ३५ विकला आहे (एक विकला म्हणजे अंशाचा ३,६०० वा भाग). पृष्ठभागाचे तापमान वेगळे म्हणून रंग वेगळे, एवढे कारण मार्गदर्शकाने सांगितले. सोनेरी तारा स्वतःच एक अतिशय जवळची जोडी आहे, परंतु ती अशा दुर्बिणीत सुटी होत नाही. सोनेरी आणि निळा हे दोघे गुरुत्वाने बांधलेले आहेत की दृष्टिरेषेमुळे शेजारी दिसतात, हा वाद अद्याप मिटलेला नाही. माणशी जेमतेम अर्धे मिनिट मिळते, पण रंग ओळखायला तेवढे पुरते. शिवाय शहराचा उजेड युग्मताऱ्याचे फारसे काही बिघडवू शकत नाही. तेजस्वी ठिपक्याचा प्रकाश एकवटलेला असतो आणि भोवतीची राखाडी पार्श्वभूमी दुर्बिणीच्या वर्धनाने विरळ होते. भर शहरातील वेधशाळा चंद्र, ग्रह आणि जोडतारे दाखवण्यावर भर देतात, ते या कारणाने योग्यच आहे.

दुसरा दिवस : माउंट विल्सन

ग्रिफिथला ज्या डोंगराने प्रेरणा दिली त्या डोंगरावर दुसऱ्या दिवशी जाणे ओघानेच आले. सुमारे १,७४० मीटर उंचीच्या या शिखरावर जॉर्ज एलरी हेल यांनी १९०४ मध्ये वेधशाळा स्थापन केली. पॅसिफिक महासागरावरून येणारी हवा इथे थर न मोडता, संथपणे वाहते, त्यामुळे ताऱ्यांची प्रतिमा कमालीची स्थिर राहते. हेल यांनी हीच गोष्ट हेरली होती. शहर खाली पसरलेले असूनही ही स्थिरता कायम आहे, आणि समुद्राकडून आलेला ढगांचा सखल थर ज्या रात्री शहरावर पसरतो, त्या रात्री उजेडही बराच झाकला जातो.

दिवसाउजेडी आम्ही १०० इंची हूकर दुर्बिणीचा घुमट पाहिला. १९१७ च्या नोव्हेंबरमध्ये तिने पहिल्यांदा आकाश पाहिले आणि ऑक्टोबर १९२३ मध्ये एडविन हबल यांना तिच्यातूनच देवयानी तेजोमेघात तो चलतारा (तेज बदलत राहणारा तारा) सापडला, ज्यामुळे देवयानी ही आपल्या आकाशगंगेबाहेरची स्वतंत्र दीर्घिका असल्याचे सिद्ध झाले. मला मात्र तिथे उभे असताना खगोलशास्त्रज्ञ वॉल्टर बाडे यांची आठवण अधिक झाली. दुसऱ्या महायुद्धात लॉस एंजेलिसचे दिवे मंद करण्यात आले असताना याच आरशातून त्यांनी देवयानीच्या गाभ्यातील तारे सुटे करून दाखवले आणि त्यातून ताऱ्यांचे दोन वर्ग असल्याची कल्पना १९४४ मध्ये मांडली. आरसा पंचवीस वर्षे तोच होता. आकाश बदलले म्हणून गाभा उलगडला.

रात्रीचे निरीक्षण ६० इंची परावर्तकातून, म्हणजे आरशाच्या दुर्बिणीतून होते. त्यासाठी आगाऊ नोंदणी करावी लागते आणि बहुधा पूर्ण गटच अर्धी किंवा पूर्ण रात्र राखून ठेवतो. १९०८ मध्ये सुरू झालेली ही दुर्बीण तेव्हा वापरात असलेल्या दुर्बिणींत जगात सर्वांत मोठी होती. तिच्या आरशाची काच हेल यांच्या वडिलांनी भेट दिली होती. तिच्याच साह्याने हार्लो शॅप्ली यांनी गोलाकार तारकागुच्छांची अंतरे काढली आणि सूर्य आकाशगंगेच्या केंद्रापासून दूर असल्याचे दाखवून दिले. अशा यंत्राच्या नेत्रिकेजवळ कोणीही सामान्य माणूस जाऊन उभा राहू शकतो, ही सोय मला अमोल वाटते.

पहिली विनंती होती ६१ हंस या ताऱ्याची. नुसत्या डोळ्यांना तो जेमतेम दिसतो, आणि नकाशात त्याच्याकडे कोणाचे लक्षही जाणार नाही. तथापि, सूर्याखेरीज अन्य ताऱ्याचे अंतर पहिल्यांदा विश्वासार्हपणे मोजले गेले ते याचेच. पृथ्वी सहा महिन्यांत आपल्या कक्षेच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे, म्हणजे सुमारे ३० कोटी किलोमीटर सरकते. त्यामुळे जवळचा तारा दूरच्या ताऱ्यांच्या तुलनेत किंचित हललेला दिसतो, आणि या पराशयावरून अंतर काढता येते. फ्रीड्रिख बेसेल यांनी हा तारा निवडला, कारण आकाशात तो वर्षाला पाच विकलांहून अधिक सरकतो. इतक्या वेगाने सरकणारा तारा जवळचा असणार, हा त्यांचा तर्क होता. १८३८ मध्ये त्यांनी जाहीर केलेले अंतर १० प्रकाशवर्षांहून थोडे अधिक होते, तर आजचे मूल्य ११.४ प्रकाशवर्षे आहे.

नेत्रिकेत दोन नारिंगी तारे दिसले, जवळजवळ एकाच रंगाचे, एक दुसऱ्यापेक्षा थोडा तेजस्वी. अल्बिरिओसारखा विरोध त्यांच्यात नाही आणि कोणी त्यांना सुंदर म्हणणार नाही, पण ६० इंची आरशात ते इतके निश्चल होते की मला तिथून हलवेना. याच शिखरावर कारा नावाचा सहा दुर्बिणींचा संच आहे. त्या दुर्बिणी सुमारे ३३० मीटरपर्यंतच्या अंतरावर मांडलेल्या असून त्यांचा प्रकाश एकत्र करून ताऱ्यांचे व्यास मोजले जातात. ६१ हंसच्या दोन्ही ताऱ्यांचे व्यासही या संचाने मोजले आहेत. पहिला सूर्याच्या सुमारे दोन-तृतीयांश, तर दुसरा त्याहून थोडा लहान भरला.

दुसरी विनंती ऐकून दुर्बीणचालकांना आनंद झाला, कारण ती सहसा कोणी करत नाही. हंसाच्या मानेवरील ईटा ताऱ्याजवळ, पूर्ण चंद्राच्या रुंदीइतक्या अंतराच्या आतच, नवव्या प्रतीचा एक निळा महातारा आहे. त्याच्याभोवती, खरे तर दोघांच्या सामाईक केंद्राभोवती, ५.६ दिवसांत एक फेरी पूर्ण करणारा त्याचा जोडीदार दिसत नाही. तो हंस एक्स-१, कृष्णविवर म्हणून सर्वप्रथम व्यापक मान्यता मिळालेली वस्तू. १९६४ मध्ये अग्निबाणातून पाठवलेल्या उपकरणांना इथून येणारे क्ष-किरण आढळले. पुढे १९७० च्या डिसेंबरात सोडलेल्या उहुरू उपग्रहाच्या आणि रेडिओ निरीक्षणांच्या आधारे त्याची जागा निश्चित झाली. लुईज वेब्स्टर आणि पॉल मर्डिन यांनी इंग्लंडमधून, तर टॉम बोल्टन यांनी कॅनडातून त्या निळ्या ताऱ्याचा वर्णपट घेऊन त्याचे डोलणे ओळखले. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मापनानुसार कृष्णविवराचे वस्तुमान सूर्याच्या सुमारे २१ पट आणि अंतर सुमारे ७,२०० प्रकाशवर्षे आहे. नेत्रिकेत अर्थातच एक साधा तारा होता. गटातील काहींनी एकदा पाहून जागा सोडली. एक वयस्क बाई मात्र दोनदा रांगेत येऊन तो तारा पाहून गेल्या, आणि त्यांचा आग्रह मला पूर्णपणे पटला. जे दिसत नाही त्याच्या शेजारी डोळा नेऊन ठेवण्यालाही अर्थ असतो.

एवढ्या मोठ्या दुर्बिणीत हंस मात्र कुठेच नव्हता. तिच्या दृष्टिक्षेत्रात पूर्ण चंद्रबिंबही मावत नाही, मग वीस-पंचवीस अंश लांबीचा पक्षी कुठून मावणार? घुमटाबाहेर येऊन पाहिले तेव्हा मान आणि चोच स्पष्ट होती. आकाशगंगेचा पट्टा पुसट होता, पण होता.

तिसरा दिवस : पालोमार

पालोमार वेधशाळेत लोकांना दिवसाच प्रवेश मिळतो. २०० इंची हेल दुर्बीण रात्री पूर्णपणे संशोधनासाठी असते आणि तिला नेत्रिका लावून पाहण्याची सोय नाही. तरीही घुमटातील सज्जातून, काचेआडून ती पाहताना मन भरून येते. पायरेक्स काचेची तिची तबकडी १९३४ मध्ये ओतण्यात आली, युद्धामुळे काम लांबले आणि दुर्बिणीचे उद्घाटन १९४८ मध्ये झाले. फिरणाऱ्या भागाचे वजन सुमारे ५३० टन असूनही तो तेलाच्या पातळ थरावर इतका सहज तरंगतो की त्याला फिरवायला अगदी लहान मोटर पुरते.

हंसाशी या दुर्बिणीचे नाते जुने आहे. हंस-अ हा आकाशातील अत्यंत प्रखर रेडिओस्रोतांपैकी एक, परंतु तिथे दृश्य प्रकाशात नेमके काय आहे ते कोणाला ठाऊक नव्हते. बाडे आणि रुडॉल्फ मिंकोव्स्की यांनी या दुर्बिणीच्या छायाचित्रांतून आणि वर्णपटांतून त्या जागी एक दूरची दीर्घिका असल्याचे ओळखले आणि १९५४ मध्ये ते प्रसिद्ध केले. दोन दीर्घिकांची टक्कर होत आहे, हा बाडे यांचा तर्क पुढे टिकला नाही. आज आपण जाणतो की गाभ्यातील महाकाय कृष्णविवरातून निघालेले दोन झोत ही रेडिओऊर्जा पुरवतात. ही दीर्घिका सुमारे ७५ कोटी प्रकाशवर्षे दूर आहे. दिवसाच्या उजेडात, बंद घुमटाखाली उभे राहून हे सारे आठवणे हीच तिथली यात्रा. रात्र न मिळाल्याची हळहळ मला वाटली नाही, असे म्हणता येणार नाही.

चौथा दिवस : वाळवंटातून

हा दिवस संपूर्ण प्रवासात गेला. कॅलिफोर्नियातून ॲरिझोनात शिरताना उन्हाळ्यात घड्याळ बदलावे लागत नाही, कारण ॲरिझोनाचा बहुतेक भाग उन्हाळी वेळ पाळत नाही. जुलैपासून मध्य सप्टेंबरपर्यंत इथे मोसमी पावसाचे ढग असतात, म्हणूनच महिनाअखेर निवडली होती. संध्याकाळी टूसॉन गाठले तेव्हा क्षितिजावर ढगाची एकही रेघ उरलेली नव्हती.

पाचवा दिवस : किट पीक

टूसॉनच्या नैर्ऋत्येला सुमारे ९० किलोमीटरवर, तोहोनो ओओदम या मूळ अमेरिकी लोकांच्या राष्ट्राच्या भूमीवर किट पीक आहे. हा डोंगर या लोकांसाठी पवित्र आहे. १९५० च्या दशकात खगोलशास्त्रज्ञांनी परवानगी मागितली तेव्हा त्यांनी तेथील वडीलधाऱ्यांना विद्यापीठाच्या दुर्बिणीतून आकाश दाखवले आणि त्यानंतर भाडेकरार झाला. ‘लांब डोळ्यांचे लोक’ असे त्यांनी खगोलशास्त्रज्ञांना म्हटल्याचे प्रसिद्ध आहे. सार्वजनिक निरीक्षणाने वेधशाळेचा पाया घातला गेल्याचे याहून चांगले उदाहरण मला ठाऊक नाही. जून २०२२ मध्ये वणवा शिखरापर्यंत पोहोचला. काही इमारती जळाल्या, पण दुर्बिणी वाचल्या. रस्त्याकडेच्या उतारांवर त्याच्या खुणा आजही दिसतात.

दुपारी १९६२ ची मॅकमॅथ-पीअर्स सौरदुर्बीण आणि १९७३ पासून कार्यरत असलेली चार मीटरची मेयल दुर्बीण पाहिली. मेयलवर आता ५,००० प्रकाशतंतूंचे उपकरण बसवलेले असून दीर्घिकांच्या वर्णपटांवरून विश्वाचा त्रिमितीय नकाशा तयार करण्याचे काम चालू आहे. सूर्यास्तानंतर सार्वजनिक कार्यक्रम सुरू झाला. पांढरा दिवा पूर्ण वर्ज्य, फक्त लाल. प्रत्येकाच्या हाती एक द्विनेत्री आणि फिरता तारानकाशा देण्यात आला, आणि पहिला अर्धा तास कोणालाही दुर्बिणीकडे नेले गेले नाही. आधी डोळे अंधाराला सरावू द्या, हा तो आग्रह होता, आणि पुढे जे दिसले ते पाहता तो किती रास्त होता ते पटले.

संधिप्रकाश संपला आणि हंस पूर्ण झाला. पंख दोन्ही बाजूंना लांबवर गेले, मानेतले मंद तारे भरले, आणि त्याच्या अंगाखालून आकाशगंगा वाहू लागली. डेनेबपासून दक्षिणेकडे तिचे दोन प्रवाह होतात. मधली काळी फट म्हणजे ताऱ्यांचा अभाव नव्हे, तर आपल्या आणि दूरच्या ताऱ्यांच्या मध्ये पसरलेल्या धुळीचे ढग आहेत. ही फट पुढे गरुडावरून थेट धनु राशीपर्यंत जाते. डेनेब, सद्र आणि पूर्वेकडच्या पंखाचा तारा यांच्यामधला काळा डागही याच धुळीचा. द्विनेत्रीतून डेनेबच्या पूर्वेला पाहिले असता उत्तर अमेरिका तेजोमेघाची उजळ जागा जाणवली. आकाराची खात्री देता आली नाही, पण भोवतीच्या आकाशापेक्षा ती वेगळी होती. डेनेब आणि अभिजित यांच्यामधल्या पट्ट्याकडे मार्गदर्शकाने हिरवा लेसर रोखला. २००९ मध्ये सोडलेल्या केप्लर दुर्बिणीने चार वर्षे त्याच भागातील सुमारे दीड लाख ताऱ्यांवर नजर ठेवली आणि ग्रह समोरून जाताना ताऱ्याचे तेज किती घटते ते मोजले. तिच्या एकूण नोंदींतून २,६०० हून अधिक ग्रह निश्चित झाले आहेत. इतक्या ग्रहांचा ठाव ज्या तुकड्यात लागला तो तळहाताने झाकता येत होता.

मग २० इंची दुर्बीण ५२ हंस या ताऱ्याकडे वळवण्यात आली. त्याच्या मागे, सुमारे २,४०० प्रकाशवर्षांवर, दहा ते वीस हजार वर्षांपूर्वी स्फोट पावलेल्या ताऱ्याचे अवशेष पसरले आहेत. विल्यम हर्शेल यांनी ते १७८४ मध्ये पाहिले. त्यांचा एकूण विस्तार पूर्ण चंद्राच्या सहापट आहे, त्यामुळे दुर्बिणीत एका वेळी एक तुकडाच मावतो. ऑक्सिजनच्या प्रकाशाखेरीज बाकी सगळे अडवणारी गाळणी नेत्रिकेला लावली आणि आतापर्यंत रिकाम्या वाटणाऱ्या पार्श्वभूमीवर एक धागा उमटला. उसवलेल्या झिरझिरीत वस्त्राच्या कडेसारखा तो ताऱ्याच्या एका बाजूने आत येऊन दुसऱ्या बाजूने निघून जात होता, पुढे रुंदावून त्याचे दोन पदर होत होते. तो स्फोटाचा धक्कातरंग अजून अंतराळातील वायूवर आदळतो आहे आणि म्हणून तो वायू उजळतो. माउंट विल्सनच्या आरशाच्या एक-तृतीयांश व्यासाची ही दुर्बीण, पण शहराच्या उजेडात हा धागा साठ इंची आरशानेही असा दाखवला नसता. विस्तीर्ण आणि मंद वस्तूला मोठ्या आरशापेक्षा काळे आकाश लागते. टूसॉनचा उजेड ईशान्येच्या क्षितिजावर बसलेला असतो, तो १९७२ पासूनच्या स्थानिक प्रकाशनियमांमुळे तिथेच थोपला आहे. परतताना सुरुवातीचा उतार गाड्यांचे मुख्य दिवे न लावता, पुढच्या गाडीमागे हळूहळू उतरावा लागला. शेजारच्या घुमटांत संशोधकांचे काम चालू असते, त्यांच्यासाठी ही शिस्त.

सहावा दिवस : लोवेल वेधशाळा, फ्लॅगस्टाफ

फ्लॅगस्टाफ हे सुमारे २,१०० मीटर उंचीवरचे शहर आहे. आकाशात फिरणाऱ्या जाहिरातींच्या झोतदिव्यांवर इथे १९५८ मध्येच बंदी आली आणि २००१ मध्ये जगातील पहिले आंतरराष्ट्रीय ‘डार्क स्काय’ शहर म्हणून त्याला मान्यता मिळाली. संध्याकाळी निवासस्थानाबाहेरच्या रस्त्यावर, दिवे चालू असताना, मला हंसाच्या मानेवरचा चौथ्या प्रतीचा ईटा तारा नुसत्या डोळ्यांनी दिसला. दिवे खाली वळवलेले आणि झाकलेले असले की रस्ताही उजळतो आणि आकाशही राहते. त्यासाठी शहर अंधारात ठेवावे लागत नाही.

पर्सिव्हल लोवेल यांनी १८९४ मध्ये ही वेधशाळा उभारली. फेब्रुवारी १९३० मध्ये क्लाइड टॉमबॉ यांनी ज्या छायाचित्रांत प्लूटो शोधला ती घेणारी १३ इंची दुर्बीण इथे जपलेली आहे. व्हेस्टो स्लायफर यांनी ज्या क्लार्क अपवर्तकाने सर्पिल तेजोमेघांचे वेग मोजायला १९१२ मध्ये सुरुवात केली, तो १८९६ चा २४ इंची अपवर्तक आजही लोकांसाठी खुला आहे. लाकडी घुमट मोटारीच्या टायरांवर फिरतो. त्या घुमटात शिरताना स्लायफर थंडीत तासन्‌तास इथे बसत असतील, ही एक जाणीव मनात राहते.

त्या रात्री हंसाच्या पंखाजवळचा एक लहान, निळसर-हिरवा ग्रहीय तेजोमेघ लावलेला होता. मरणपंथाला लागलेल्या ताऱ्याने बाहेर टाकलेले हे वायूचे आवरण आहे. मध्यावरच्या ताऱ्याकडे रोखून पाहिले की भोवतीची तबकडी नाहीशी होते आणि नजर किंचित बाजूला नेली की ती पुन्हा फुलते. नेत्रपटलाच्या मध्यभागी रंग आणि बारकावे ओळखणाऱ्या पेशी असतात, तर मंद प्रकाश टिपणाऱ्या पेशी कडेकडे दाटलेल्या असतात, त्यामुळे हे घडते. माझ्या पुढे असलेल्या एका लहान मुलीने हा खेळ इतका वेळ चालवला की तिच्या वडिलांनी तिला दोनदा हाक मारली. रांगेतील कोणीही मात्र घाई केली नाही.

शेवटी आमच्या विनंतीवरून मार्गदर्शकाने दुर्बीण अर्ध्या अंशाहून कमी अंतरावर सरकवली. तिथे १६ हंस ही जोडी होती. दोन पिवळसर तारे, तेजाने जवळजवळ सारखे, दोन्ही सूर्यासारखेच, सुमारे ७० प्रकाशवर्षांवर. त्यांपैकी मंद ताऱ्याभोवती गुरूहून जड असा एक ग्रह १९९६ मध्ये सापडला आहे. तिथून कोणी इकडे पाहिले तर आपला सूर्य या दोघांपेक्षा किंचित मंद, साडेसहाव्या प्रतीच्या आसपासचा तारा दिसेल, आणि तो पाहायला त्यांनाही दुर्बीण, निदान द्विनेत्री तरी, लागेल.